हप्ता नव्हे, बेरीज बघा

गृहकर्ज घेताना सगळे विचारतात, "हप्ता किती बसेल?" त्याआधी एक गुणाकार करा: हप्ता गुणिले एकूण महिने. 9 टक्के दराने 20 वर्षांसाठी 100 घेतले, तर परत जातात सुमारे 216. मुदत 30 वर्षं केली की हप्ता दहा-अकरा टक्क्यांनीच उतरतो, परतफेड मात्र 290 च्या घरात जाते. एवढ्याशा सवलतीला हे फारच महाग पडतं.

मग परतफेडीचा तक्ता मागून घ्या आणि पहिलीच ओळ वाचा. 20 वर्षांच्या या कर्जात पहिल्या हप्त्यातले 83 टक्के निव्वळ व्याजात जातात. मुद्दल निम्म्यावर यायलाच 14 वर्षं लागतात! (माझा यावर विश्वास बसेना, तक्ता दोनदा तपासला.)

म्हणून जादा पैसे भरायचे तर सुरुवातीच्या वर्षांत. दर वर्षअखेर एक जास्तीचा हप्ता मुद्दलात भरला, तर हेच कर्ज जवळपास साडेतीन वर्षं आधी फिटतं. भरताना "हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा" असं लेखी द्या. प्रक्रिया शुल्क, विमा, मुदतपूर्व फेडीचा दंड हेही बेरजेत धरा.