पडताळणीआधी दप्तर बांधताना

बारावीचा निकाल लागला की जातवैधता प्रमाणपत्रासाठी कोल्हापुरात विचारे माळावरच्या सामाजिक न्याय भवनात, जात पडताळणी समितीकडं, गर्दी होते. बऱ्याच जणांच्या हातात प्रांत ऑफिसचा जातीचा दाखला तेवढा असतो. दाखला म्हणजे नुसता दावा. तो खरा ठरवायचं ओझं महाराष्ट्राच्या 2000 च्या जात प्रमाणपत्र अधिनियमातल्या कलम 8 नं आपल्याच डोक्यावर ठेवलंय, समितीच्या नाही. म्हणून पोरगं अकरावीला गेलं की कामाला लागा. जमातीचा दावा असेल तर त्याची समिती वेगळी असते. ती कुठली, हे पहिल्याच दिवशी विचारून घ्या.

आधी आपल्या प्रवर्गाची ठरलेली तारीख बघा. अनुसूचित जातीला 10 ऑगस्ट 1950, जमातीला 6 सप्टेंबर 1950, विमुक्त-भटक्यांना 21 नोव्हेंबर 1961, इतर मागासवर्गाला 13 ऑक्टोबर 1967. त्या तारखेआधीचा, वडिलांच्या बाजूच्या माणसाचा, जात आणि गाव दोन्ही सांगणारा कागद शोधायचा आहे. त्यासाठी घरातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या माणसाजवळ वही घेऊन बसा आणि वंशावळ उतरवून घ्या. सख्खा पणजोबा शाळेत गेलाच नसेल, पण त्याचा धाकटा भाऊ दोन यत्ता शिकला असेल. तिथंच कागद सापडतो. शाळा सोडल्याच्या दाखल्यावर थांबू नका, शाळेच्या जनरल रजिस्टरचा, म्हणजे प्रवेशाच्या नोंदवहीचा, उतारा मागा. तहसीलच्या अभिलेख कक्षात कोतवाल बुकातली जन्म-मृत्यूची नोंद, म्हणजे गाव नमुना 14, बघा.

आपल्याकडची खरी मेख पुढं आहे. करवीर म्हणजे कोल्हापूर संस्थान 1 मार्च 1949 ला विलीन झालं, त्यामुळं जुने कागद संस्थानी आणि बरेचसे मोडी लिपीत. त्यात कागल, इचलकरंजी, विशाळगड, बावडा या जहागिऱ्या. चंदगड तालुका तर 1956 पर्यंत बेळगाव जिल्ह्यात होता. तिथल्या माणसानं कोल्हापुरातच धूळ झटकत बसण्यात अर्थ नाही. बाकीच्यांनी कोल्हापूरच्या पुरालेखागारात, म्हणजे जुन्या सरकारी दप्तरखान्यात, अर्ज द्या. मोडी कागद मिळाला तर प्रमाणित नक्कल आणि जाणकाराकडून सही-शिक्क्याचं लिप्यंतर, दोन्ही जोडा. ‘आमच्या ओळखीच्या काकांनी वाचलंय’ हे चालत नाही.

मग सगळे कागद एका बैठकीत, ओळ न ओळ वाचा. आमच्याच भावकीत तीन भावांच्या तीन नोंदी निघाल्या: एकापुढं जात, एकापुढं पोटजात, तिसऱ्यापुढं मास्तरांनी नुसतं ‘हिंदू’ लिहून हात झटकलेले. अशी अडचणीची नोंद लपवावीशी वाटते. लपवू नका. समितीसाठी चौकशी करणारं दक्षता पथक शाळेत जाऊन तेच रजिस्टर उघडणार. खाडाखोड तर अजिबात नको. वेगळ्या शाईचा एक शब्द सगळं दप्तर बुडवतो. ही पथकं ज्या निकालामुळं आली, त्या सर्वोच्च न्यायालयातल्या 1994 च्या माधुरी पाटील प्रकरणातला वादही नुसतं कोळी की अनुसूचित जमातीतलं महादेव कोळी हाच होता.

चुलत्याला किंवा चुलतभावाला वैधता मिळालेली असेल तर मोठा आधार. मुंबई उच्च न्यायालयाचा 2010 चा अपूर्वा निचळे निकाल त्यासाठीच सांगतात. पण नुसतं प्रमाणपत्र जोडू नका, त्या नातेवाइकानं तेव्हा दिलेल्या वंशावळीची नक्कलही मिळवा. त्यात तुमच्या आजोबांचं नाव राहून गेलेलं असलं की प्रश्न तिथूनच सुरू होतात. वंशावळीचं शपथपत्र नमुना 3 मध्ये आणि सत्यतेचं नमुना 17 मध्ये. दोन्हींत नावाचं स्पेलिंग सारखं ठेवा.

गृहचौकशीला कुणी आलं तर घरातल्या आजीला पढवून ठेवू नका. पढवलेलं लगेच कळतं. जमातीच्या दाव्यात चालीरीती, देवदैवतं विचारतात. ती कसोटी एकटीच निर्णायक नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं 2023 मध्ये सांगितलंय. पथकाचा अहवाल विरोधात गेला तर त्याची प्रत घ्या आणि नोटिशीच्या मुदतीत मुद्देसूद लेखी खुलासा द्या.

दावा अवैध ठरलाच, तर वर अपील नाही, थेट उच्च न्यायालयात रिट याचिका. ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच आहे, म्हणजे मुंबईला जायचा महालक्ष्मी एक्स्प्रेसचा खर्च वाचला. तिथंही वकील पहिल्यांदा समितीपुढं काय दाखल केलं होतं तेच विचारतो, म्हणून दिलेल्या प्रत्येक कागदाची आवक शिक्क्याची पोच वेगळ्या फाइलीत ठेवा.