आधी ऊन, मग पाणी: चिचेन इत्साला निघण्याआधी

मेक्सिकोतल्या कानकुनला जाणारं कुणी ओळखीचं भेटलं की मला पहिला प्रश्न ठरलेला असतो: "सनस्क्रीन कुठलं न्यायचं गं?" चिचेन इत्सा, म्हणजे माया लोकांच्या प्राचीन शहराचे अवशेष, बघायच्या दिवशी शक्यतो कुठलंच नेऊ नका, असं मी सांगते आणि समोरच्याचा चेहरा पडतो. पण या सहलीची सगळी तयारी त्या एका गोष्टीभोवती फिरते. दिवसाचा पहिला अर्धा भाग रणरणत्या उन्हात, दुसरा सेनोतेच्या, म्हणजे जमिनीतल्या नैसर्गिक कुंडाच्या पाण्यात. सकाळी उन्हासाठी अंगाला जे चोपडाल, ते दुपारी पाण्यात उतरण्याआधी घासून धुवायला लावतात.

त्याला कारण आहे. चिचेन इत्सा ज्यावर आहे त्या युकातान द्वीपकल्पाचा उत्तर भाग म्हणजे चुनखडीचा पसरट कातळ. पाऊस पडला की पाणी दगडातून झिरपून थेट खाली जातं, जमिनीवरून वाहणारी नदी अशी नाहीच. खाली पाण्याने पोखरलेल्या गुहा असतात आणि एखाद्या गुहेचं छत कोसळलं की जमिनीत गोल भोक पडून आत पाणी दिसू लागतं. ते सेनोते. माया भाषेतल्या 'त्सोनोत'चा स्पॅनिश उच्चार. हे सगळं पाणी खालून एकमेकांशी जोडलेलं आहे आणि तेच आसपासच्या गावांच्या विहिरींना येतं. म्हणजे आपण लोकांच्या पिण्याच्या पाण्यात पोहायला निघालोय. त्यामुळे शॉवरपाशी उभा असलेला माणूस 'बायोडिग्रेडेबल' लिहिलेली ट्यूब दाखवली तरी ऐकत नाही, आणि त्याचं बरोबरच आहे. डास पळवणाऱ्या मलमालाही हाच नियम.

म्हणून क्रीमऐवजी कपडे. पूर्ण बाह्यांचा सैल सुती शर्ट, सुती पँट, मागून मान झाकेल अशी रुंद काठाची टोपी. आणि छत्री. माझ्या आईने साताऱ्याहून आणलेली घडीची काळी छत्री मी हॉटेलवर ठेवायला सांगत होते, "पाऊस नाही आई, कशाला ओझं?" ती ऐकली नाही. साडेदहा वाजता पिरॅमिडसमोरच्या मोकळ्या मैदानात, जिथे सावली औषधालाही नव्हती, आमचं अर्धं कुटुंब त्या छत्रीखाली शिरायला धडपडत होतं. आईने एक शब्दही काढला नाही. नुसती छत्री थोडी माझ्या बाजूला कलती केली.

आता बुकिंग. स्वस्त आणि महाग सहलींची चित्रं सारखीच असतात, फरक प्रश्न विचारल्यावर कळतो. अवशेषांपाशी नेमका किती वेळ? कुठलं सेनोते आणि पाण्यात किती वेळ? प्रवेश शुल्क धरलंय का? चिचेन इत्साला केंद्राचं आणि राज्याचं अशी दोन वेगळी शुल्कं असतात आणि जाहिरातीतल्या आकड्यात ती बऱ्याचदा नसतात. बस सुटल्यावर रोख मागतात. मार्गदर्शक एका भाषेत बोलणार की दोन? दोन असतील तर प्रत्येक गोष्ट आधी स्पॅनिशमध्ये, मग इंग्रजीत, म्हणजे तासाच्या माहितीतली अर्धीच तुमच्या वाट्याला. आणि शेवटचा प्रश्न, दुकानात थांबणार का? आमच्या पहिल्या खेपेच्या कंपनीने 'माया हस्तकला' बघायला म्हणून पाऊण तास एका दुकानात बसवलं आणि सेनोतेला मोजून तीस मिनिटं दिली. त्यातली दहा लॉकरच्या रांगेत गेली. शक्य असेल तर रविवार टाळा. त्या दिवशी मेक्सिकोच्या नागरिकांना प्रवेश मोफत असतो आणि गर्दी उसळते. मार्च आणि सप्टेंबरमधल्या विषुवदिनांनाही तेच: पिरॅमिडच्या पायऱ्यांच्या कठड्यावर सापासारखी सरकणारी सावली बघायला हजारोंचा लोंढा येतो.

घड्याळाचं लक्षात ठेवा, यात भलेभले फसतात. कानकुन किन्ताना रू राज्यात, चिचेन इत्सा युकातान राज्यात, आणि युकातानचं घड्याळ एक तास मागे. कानकुनहून सातला निघून दोनशे किलोमीटर अंतर अडीच तासांत कापलंत, तर तिथे साडेआठच वाजलेले असतात. फाटक आठला उघडतं, म्हणजे सकाळचा हा तास फुकटात मिळतो. पण फोन आपोआप बदलतो, मनगटी घड्याळ बदलत नाही. "दीड वाजता बसपाशी या" असं मार्गदर्शकाने सांगितलं आणि आमचे हे स्वतःच्या घड्याळाप्रमाणे तासभर आधी येऊन पार्किंगमध्ये तापत उभे. वर आम्हालाच फोन: "कुठे आहात सगळे?"

कागदपत्रांचं थोडक्यात. भारतीय पासपोर्टवर अमेरिकेचा वैध व्हिसा असेल किंवा ग्रीन कार्ड असेल, तर मेक्सिकोचा वेगळा व्हिसा लागत नाही. तरी निघण्याआधी वाणिज्य दूतावासाच्या साइटवर एकदा खात्री करून घ्या. सहलीच्या दिवशी पासपोर्टची छायाप्रत खिशात आणि फोटो फोनमध्ये असू द्या. पैसे पेसोत ठेवा. डॉलर सगळीकडे घेतात, पण भाव दुकानदार ठरवेल तो. एटीएमने "आमच्या दराने रूपांतर करू का?" असं विचारलं तर नाही म्हणायचं, तुमच्या बँकेचा दर बहुधा बरा असतो. स्वच्छतागृहासाठी, लॉकरसाठी, बक्षिशीसाठी सुटे हवेतच. टिश्यूचं छोटं पाकीट प्रत्येकाकडे हवं. आणि बऱ्याच ठिकाणी कागद संडासात न टाकता बाजूच्या डब्यात टाकायचा असतो, हे मुलांना आधीच सांगून ठेवा.

पिशव्या दोन करा, कोरडी आणि ओली. कोरडी पिशवी अवशेषांपाशी न्यायची, ओली बसमध्येच ठेवायची. कोरडीत माणशी निदान दीड-दोन लिटर पाणी, ओआरएसच्या पुड्या, बस लागणाऱ्यांसाठी गोळी आणि लिमलेट. ड्रोन आणि ट्रायपॉड नेऊ नका, आत सोडत नाहीत. बूट रोजच्या वापरातले, पाय झाकणारे. चुनखडीची पांढरी धूळ इतकी बसते की संध्याकाळी काळे बूट ओळखू येत नाहीत.

खाण्याची तयारी हा आपल्या लोकांचा खरा विषय. युकातानचा प्रसिद्ध पदार्थ कोचिनिता पिबिल, म्हणजे केळीच्या पानात गुंडाळून शिजवलेलं डुकराचं मांस. लिंबाचं सूप म्हणून 'सोपा दे लिमा' मागवाल तर त्यात कोंबडी निघते. शाकाहारी म्हटल्यावर पुढे येणारी घेवड्याची उसळसुद्धा पुष्कळदा डुकराच्या चरबीत परतलेली असते. तेव्हा एवढं वाक्य पाठ करा: सिन कार्ने, सिन पोयो, सिन मान्तेका. मांस नको, कोंबडी नको, चरबी नको. शंका असेल तर मक्याच्या गरम तोर्तिया (तिथल्या पोळ्या), भात, ग्वाकामोले (अवोकाडोची चटणी) आणि सोबत आपली लसणाची चटणी, यावर झकास जेवण होतं. टेबलावरची आबानेरो मिरचीची चटणी कोल्हापूरकरांनीही आधी चमच्याच्या टोकावर घेऊन बघावी. बसमध्ये खायला सीलबंद खाकरे, राजगिऱ्याची वडी असू द्या. ताजी फळं मात्र विमानातून नेऊ नका, सीमेवर काढून घेतात. आणि न्यायची गरजही नाही, चिकू, पपई, सीताफळ, पेरू ही सगळी मंडळी मूळची त्याच बाजूची. घोलवडचा चिकू खाऊन वाढलेल्या आमच्या बाबांना मार्गदर्शकाने रस्त्याकडेचं एक झाड दाखवलं, "याच्या चिकापासून पूर्वी चुइंगम करायचे." बाबा उठून खिडकीपाशी गेले आणि म्हणाले, "अरे, हा तर आपला चिकू!" वाटेत घायपातही दिसेल. एके काळी त्याच्या वाखावर युकातानचे जमीनदार गबर झाले, आणि सिसाल हे त्याचं इंग्रजी नाव तिथल्याच एका बंदराचं.

डोक्यातही थोडी तयारी करून जा, नाहीतर दगड ते दगड. कुकुल्कान या नागदेवाच्या पिरॅमिडला चारही बाजूंना प्रत्येकी ९१ पायऱ्या, वरचा चौथरा धरून ३६५. उंची माथ्यावरच्या देवळासकट तीस मीटर. वर चढायला आता बंदी आहे, तेव्हा गिर्यारोहणाचा बेत मनातून काढून टाका. पायऱ्यांसमोर उभं राहून टाळी वाजवली की पक्ष्याच्या चिवचिवाटासारखा प्रतिध्वनी येतो. मार्गदर्शक केत्झाल पक्ष्याचं नाव घेतो. या पिरॅमिडच्या पोटात आधीचा एक पिरॅमिड आहे, आणि पायाखाली पाण्याने भरलेली पोकळी असल्याचं २०१५ मध्ये संशोधकांनी जाहीर केलं. चिचेन इत्सा या नावाचा अर्थच मुळी 'इत्सा लोकांच्या विहिरीच्या तोंडाशी'. म्हणून बरेच जण दमून सोडून देतात ते पवित्र सेनोते सोडू नका. फेरीवाल्यांच्या रांगेतून पाच-सात मिनिटांची चाल आहे. पांढऱ्या उभ्या कड्यांमध्ये साठेक मीटर रुंद हिरवंगार पाणी. इथे पोहत नाहीत. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला एडवर्ड थॉम्पसन नावाच्या अमेरिकनाने ते उपसून जेड, सोनं आणि माणसांची हाडं काढली, आणि त्यातलं बरंच काही हार्वर्डच्या संग्रहालयात गेलं. 'कुमारिकांचा बळी' ही कथा तुम्हाला हमखास ऐकायला मिळेल. त्यावर एक गोष्ट विचारून बघा: या सेनोतेजवळच्या एका भूमिगत टाक्यात सापडलेल्या ६४ मुलांच्या अवशेषांचा डीएनए अभ्यास २०२४ मध्ये प्रसिद्ध झाला, आणि ती सगळी मुलगे निघाली, त्यांत जुळेही होते. आमचा मार्गदर्शक हे ऐकून क्षणभर थांबला, मग हसला आणि म्हणाला, "पर्यटकांना कुमारिका जास्त आवडतात." तो स्वतः माया होता, घरी आईशी माया भाषेतच बोलणारा. तेव्हा "माया लोक कुठे नाहीसे झाले?" हा प्रश्न तेवढा विचारू नका. निरोप घेताना 'दिओस बोओतिक' म्हणा. म्हणजे धन्यवाद. चेहरा खुलतो.

फेरीवाल्यांची जॅग्वारची शिट्टी मुलं मागणारच. ती खरोखर गुरगुरते. घ्यायची तर घ्या, पण परतीच्या बसमधले अडीच तास आठवा.

आता ओली पिशवी. पोहायचे कपडे, शक्य असेल तर पूर्ण बाह्यांचे, म्हणजे क्रीमचा प्रश्नच मिटतो. बायकांनी लेगिंग आणि पोहण्याचा लांब टॉप घ्यावा. सुती सलवार पाण्यात दगडासारखी जड होते. रबरी तळाचे पाण्यातले बूट, कारण पायऱ्या कायम ओल्या असतात. पटकन वाळणारा पंचा. भाड्याच्या टॉवेलापेक्षा आपला पंचा कधीही बरा. फोनसाठी गळ्यात अडकवायची जलरोधक पिशवी, ओल्या कपड्यांसाठी जाड प्लास्टिकची थैली, केसांना रबर. तेल लावलेले केस धुवायला लावतात, तेव्हा त्या दिवशी चंपी नको.

चिचेन इत्साच्या बहुतेक सहली जवळच्या इक किल नावाच्या सेनोतेला नेतात. जमिनीपासून पाण्यापर्यंत सव्वीसेक मीटर खोल उतरायचं, वरून झाडांची मुळं दोरांसारखी खाली लोंबतायत, पाणी २४-२५ अंश. बाहेरून भाजून आलेल्या अंगाला ते पहिल्यांदा चावतंच. पाण्याची खोली चाळीसएक मीटर, उथळ कडा नाही. त्यामुळे पोहता न येणाऱ्याने "काठाला बसते मी" हा विचार करू नये, काठ नसतोच. लाइफ जॅकेट सगळ्यांना सक्तीचं. आमचे बाबा पाठीला डबा बांधून गावच्या विहिरीत पोहायला शिकलेले, सत्तरीला टेकले तरी सूर मारायची खुमखुमी. केशरी जॅकेट बघून ते रुसले. "मला? हे?" जीवरक्षक पोरगा हसून नुसती मान हलवत राहिला. शेवटी बाबा जॅकेट घालून उतरले, उताणे तरंगले, आणि वरच्या गोल आभाळाकडे बघत तशाच अवस्थेत वीस मिनिटं राहिले. पायापाशी छोटे काळे मासे फिरत होते. बाहेर आल्यावर म्हणाले, "आमच्या विहिरीला कासवं होती." गुडघे दुखणाऱ्यांनी मात्र आधी ठरवावं: उतरणं सोपं, चढताना तेवढेच जिने ओल्या पायांनी. वरच्या कठड्यावरूनही दृश्य सुंदर दिसतं. आईने तेच केलं, छत्रीसकट.

परतताना तो फुकटात मिळालेला तास परत द्यावा लागतो. सहाला निघालात तर कानकुनला साडेनऊ. त्या रात्रीचं कुठलंही महागडं जेवण आरक्षित करू नका; दशम्या किंवा नूडल्सची पाकिटं खोलीवर ठेवून जा. आणि सामानात चार मीटर नायलॉनची दोरी आणि डझनभर चिमटे टाका. सहा जणांचे ओले कपडे बाल्कनीत वाळवायला हॉटेलवाल्याकडे दोरी मागितली, तर त्याने सगळे कपडे धुलाईला टाकायचा फॉर्म आणून दिला होता.