बोडे आलेखावरून लीड कॉम्पेन्सेटर कसा बसवायचा

बोडे आलेख म्हणजे वारंवारतेनुसार गेन आणि फेज दाखवणारे आलेख. लीड कॉम्पेन्सेटर म्हणजे लूपची फेज वाढवणारा फिल्टर. उदाहरणाला डीसी मोटरचा पोझिशन लूप (मोटरचा कोन हव्या जागी ठेवणारं नियंत्रण) घेऊ. ट्रान्सफर फंक्शन (इनपुट-आउटपुटचं गणिती नातं) १०/[एस(एस+१)], फीडबॅक युनिटी, म्हणजे आउटपुट जसंच्या तसं परत. गेन १० मुद्दाम ठेवलाय: १ रेडियन/सेकंद वेगाने सरकणाऱ्या इनपुटच्या मागे मोटर ०.१ रेडियनच राहते. गेन कमी केला की ही चूक वाढते, त्यामुळे ती पळवाट बंद. फेज मार्जिन, म्हणजे गेन शून्य डेसिबल असताना फेज −१८० अंशांच्या किती वर आहे ते, ४५ अंश हवं.

सेमी-लॉग कागदावर १ रेडियन/सेकंदला २० डेसिबलचा बिंदू मांडा. त्याच्या डावीकडे डेकेडला (वारंवारता दहापट होताना) २० डेसिबल उताराची रेघ, उजवीकडे ४० ची. ही रेघ शून्य डेसिबलला ३.१६ वर छेदते. नेमकं गणित ३.०८ देतं. गेनसाठी एवढं पुरतं. फेजचं तसं नाही. सरळ रेघांची फेज इथे सुमारे ५ अंश चुकते, आणि आपली सगळी ओढाताण दहा-वीस अंशांसाठीच असते. म्हणून फेज कॅल्क्युलेटरवर काढा: −९० वजा टॅन इन्व्हर्स ३.०८, म्हणजे −१६२. मार्जिन फक्त १८ अंश. स्टेप (एका झटक्यात बदललेला इनपुट) दिली तर ओव्हरशूट, म्हणजे लक्ष्याच्या पुढे जाणं, ६० टक्क्यांच्या घरात जातो.

२७ अंश कमी पडतात, पण तेवढेच मागितले तर फसाल. लीड फेजसोबत गेनही वाढवतो, क्रॉसओव्हर (गेन शून्य डेसिबलला छेदतो ती वारंवारता) उजवीकडे सरकतो आणि तिथे मोटरची फेज आणखी खालावलेली असते. ८ अंश जादा धरून ३५ घ्या.

अल्फा म्हणजे लीडच्या झीरो आणि पोल या दोन वारंवारतांचं गुणोत्तर. अल्फा = (१−साइन ३५)/(१+साइन ३५) = ०.२७. जिथे लीड सर्वाधिक फेज देतो तिथे गेन ५.७ डेसिबलने वाढतो. म्हणून मूळ आलेख −५.७ डेसिबलला कुठे येतो ते पाहा: ४.३३. हाच नवा क्रॉसओव्हर. त्याला अल्फाच्या वर्गमुळाने गुणलं की झीरो (जिथून लीडचा गेन चढू लागतो) २.२५, भागलं की पोल (जिथे तो चढ थांबतो) ८.३. कॉम्पेन्सेटरचा डीसी गेन (शून्य वारंवारतेचा गेन) १ ठेवा, नाहीतर ०.१ चा हिशेब बिघडेल.

आता ताळा. ४.३३ वर मोटरची फेज −१६७, लीडचे ३५ मिळवून −१३२. मार्जिन ४८. जादाच्या ८ पैकी ५ अंश क्रॉसओव्हर सरकण्यातच गेले.

हाच कंट्रोलर मायक्रोकंट्रोलरवर २० मिलिसेकंद सॅम्पलिंगने चालवला, तर होल्डचा (आउटपुट पुढच्या सॅम्पलपर्यंत धरून ठेवण्याचा) अर्धा आणि गणनेचा एक सॅम्पल मिळून ३० मिलिसेकंद उशीर होतो. ४.३३ वर तो ७.४ अंश खातो आणि मार्जिन ४१ वर येतं. ५ मिलिसेकंदला तोटा २ अंशांहून कमी.

उच्च वारंवारतेला गेन ३.७ पट होतो, एन्कोडरचा (कोन मोजणाऱ्या सेन्सरचा) नॉइजही तेवढाच. ६० अंश एकाच टप्प्यात काढले तर हा आकडा १४ पट; ३०-३० च्या दोन टप्प्यांत ९ पट.

मोजणीचं यंत्र हर्ट्झ दाखवत असेल तर ४.३३ तिथे ०.६९ वर शोधा. आणि ओपन लूप मुळातच अस्थिर असेल तर ही मार्जिनं फसवी ठरू शकतात. तिथे नायक्विस्ट आलेख (गेन आणि फेज एकत्र, संमिश्र प्रतलावर) काढून −१ भोवतीचे वेढे मोजा.