बेफस्त्रोगानोव करताय? या चुका टाळा

बेफस्त्रोगानोव म्हणजे आंबट सायीच्या रस्स्यातल्या बीफच्या काड्या, एक रशियन पदार्थ. मॉस्कोत भाड्याने राहत असताना पहिल्यांदा तो केला, ते आपल्या मटणासारखा. कांदा परतला, आलं-लसूण वाटण घातलं, मांस टाकलं, वर ताट ठेवलं आणि ताटात पाणी. अर्ध्या तासाने घरमालकीणबाई आत आल्या, एक तुकडा तोंडात टाकला आणि चावतच राहिल्या. शेवटी म्हणाल्या, ‘पदोश्वा.’ म्हणजे बुटाचा तळ. वातड मांसाला रशियात हेच म्हणतात.

आपला मटणाचा हात इथे आडवा येतो. रस्सा जितका मुरेल तितका बरा, हे आपल्या अंगात भिनलेलं. पण या पदार्थाला लागतं ते कमरेच्या आतलं मऊ मांस, आपले खाटीक ज्याला अंडरकट म्हणतात ते. त्यात चिवट पडदे जवळजवळ नसतातच. जास्त शिजवून मऊ होतात ते पडदे. जिथे ते नाहीत तिथे जास्त शिजवलं की मांसातला रस तेवढा निघून जातो आणि चोथा उरतो. म्हणून अंडरकट असेल तर दोन-तीन मिनिटं, बस्स. मांडीचं मांस मिळालं असेल तर ते आधी थोड्या पाण्यात तासभर, गरज पडली तर दीड तास, मंद आचेवर मऊ करून घ्यायचं आणि मग पुढचं सगळं. रशियातल्या कित्येक घरांत असंच करतात, कारण अंडरकट तिथेही महागच. माझ्यासारखं मधेच, अर्ध्या तासावर, लोंबकळू नका. महाराष्ट्रात २०१५च्या कायद्यानंतर गाय, बैल, वळू यांचं मांस नाही, म्हशीचंच मिळतं. ते जास्त गडद आणि कमी चरबीचं असतं, त्यामुळे अंडरकट नसेल तर सरळ दुसरी वाट धरा. कुकर लावलात तरी कुणी हसणार नाही.

कापताना रस्स्याचे चौकोनी तुकडे करू नका. मांसाचे धागे कुठल्या दिशेला जातात ते बघा आणि त्यांना आडवी सुरी चालवा. सोव्हिएत काळातल्या खानावळींसाठीच्या पाककृतीत लांबी तीन-चार सेंटीमीटर आणि एकेक काडी पाच ते सात ग्रॅमची, असं मापच दिलेलं होतं. मांस पाऊण तास फ्रीझरमध्ये ठेवलं की थोडं कडक होतं, मग सुरी घसरत नाही.

आता सगळ्यांत जास्त फसणारी जागा: परतणं. अर्धा किलो मांस एकदम कढईत ओतलं की कढई गार पडते, मांसाला पाणी सुटतं, आणि तुम्ही परतत नसता, उकडत असता. रंग राखाडी, वास ओला. कान देऊन ऐका: नीट चाललंय तर चरचर आवाज येतो, बिघडलंय तर बुडबुड. बुडबुड ऐकू आली की अर्धं मांस काढून ताटलीत घ्या, आच मोठी करा, पाणी आटू द्या. खरं तर सुरुवातीलाच तीन खेपा करायच्या. बीडाचा तवा किंवा जाड कढई, धूर यायच्या बेताला तापलेली, त्यात तेल आणि थोडं लोणी. मांस धुतलं असेल तर कापडाने खडखडीत पुसून घ्या. काड्या पसरून टाका आणि मिनिटभर हात लावू नका. उलथनं सारखं फिरवायची सवय इथे नडते. तांबूस डाग पडले की उलटा, पुन्हा मिनिटभर, काढा. मीठ परतून झाल्यावर.

त्याच तव्यात कांदा. लांब चिरलेला, मऊ होईपर्यंत. आपल्या बिर्याणीसारखा तपकिरी नको. त्यावर चमचाभर मैदा भुरभुरवून कच्चा वास जाईपर्यंत परता, मग वाटीभर गरम सूप किंवा पाणी थोडं थोडं घाला आणि तव्याला चिकटलेलं खरवडून घ्या. चव तिथे असते. मशरूम घालायचे तर वेगळे परता, त्यांना मांसापेक्षा जास्त पाणी सुटतं. मशरूम मूळचे नव्हेतच. येलेना मोलोखोव्हेत्स यांच्या गृहिणींसाठीच्या पुस्तकात १८७१ साली ही पाककृती आली, तिच्यात कांदाही नाही आणि मशरूमही नाहीत. मोहरी मात्र आहे, आणि आपण नेमकी तीच विसरतो. फोडणीची नव्हे, वाटून तयार केलेली. आपण लोणच्याला मोहरी फेसतो ना, तसा तिखट झणका हवा, एक चहाचा चमचा. गोडसर बाटलीबंद मस्टर्डने हे काम होत नाही. रशियात जिला ‘सारेप्ताची मोहरी’ म्हणतात ती वनस्पती आपल्याकडच्या मोहरीचीच जात आहे. सारेप्ता म्हणजे आजच्या वोल्गोग्रादचा एक भाग. आलं-लसूण, हळद, गरम मसाला यांना सुट्टी द्या. मिरी पुरे.

शेवटची रड फाटण्याची. आंबट म्हणून फ्रीजमधलं दही उकळत्या रस्स्यात घातलं की पांढरे कण आणि वर पाणी. मूळ पदार्थात घालतात ती स्मेताना, म्हणजे रशियन आंबट साय, फाटायला तितकी सोपी नाही, कारण ती दह्याची नव्हे, सायीची असते आणि तिच्यात वीस टक्क्यांच्या आसपास स्निग्धांश असतो. थोडा विचार केला तर ती आपल्याच घरात आहे. लोणी काढण्यासाठी आपण साय साठवून तिला विरजण लावतो. घुसळायच्या आधीची ती विरजलेली साय म्हणजे स्मेतानाची सख्खी बहीण. फक्त ताजी हवी, आठवडाभर साठलेली कडवट नको, आणि मिक्सरवर एकदाच फिरवा, नाहीतर सायीच्या गुठळ्या राहतात आणि जास्त फिरवलं तर लोणीच निघतं. ते नसेल तर श्रीखंडासाठी बांधतो तसा गोड दह्याचा चक्का घ्या आणि त्यात चमचाभर मैदा फेटा. फ्रीजमधून आधीच बाहेर काढून ठेवा, दोन-तीन पळ्या गरम रस्सा त्यात कालवा, आणि मगच ते तव्यात. गॅस अगदी मंद. मांस आणि मोहरी आत, एकदा ढवळा, उकळी येऊ देऊ नका.

तरीही फाटलंच तर मांस बाजूला काढा, उरलेला रस्सा दोन चमचे क्रीम घालून मिक्सरवर फिरवा. दिसायला सुधारतं, मांसाला त्रास होत नाही.

सोबत बटाट्याच्या बारीक तळलेल्या काड्या, बटाट्याचा लगदा किंवा उकडलेला कुट्टू, ज्याला तिथे ग्रेच्का म्हणतात. काड्या वर ओतून ठेवू नका, पानात वाढताना घाला. उरलं तर दुसऱ्या दिवशी मायक्रोवेव्हच्या फुल पॉवरवर टाकू नका. चमचाभर पाणी घालून मंद आचेवर, वाफ दिसली की गॅस बंद.