अनोळखी सशुल्क सेवेची वापर-पुस्तिका लिहायची असेल तर

सेवा विकत घेण्याआधीच मोबाइलचं स्क्रीन रेकॉर्डिंग चालू करा, आणि खातं नव्या ईमेलवर उघडा. सुरुवातीचे स्क्रीन, फ्री ट्रायलची ऑफर, परवानग्यांचे प्रश्न हे सगळं बहुधा एका खात्याला एकदाच दिसतं. जिथे अडखळलात तिथली वेळ लगेच टिपून ठेवा. एकदा हात बसला की काय अवघड गेलं होतं तेच आठवत नाही, आणि पुस्तिका तर नेमकी त्यासाठीच हवी असते.

पैसे भरण्याच्या टप्प्यावर मात्र रेकॉर्डिंगवर विसंबू नका. बँकांची आणि यूपीआयची बरीच अ‍ॅप्स स्क्रीनशॉट अडवतात. हाती येतो काळा चौकोन. तेवढी पावलं शब्दांतच लिहावी लागतात.

अनुक्रमणिका कंपनीच्या मेनूबरहुकूम लावू नका. वाचकाला ‘डॅशबोर्डची ओळख’ नको असते. ‘दुसऱ्या फोनवर लॉगिन’, ‘जीएसटीचं बिल काढणं’, ‘वार्षिक प्लॅनवरून मासिकवर येणं’ हे हवं असतं. अशी आठ-दहा कामं पुरतात.

त्यातलं ‘वर्गणी बंद करणं’ सगळ्यात आधी लिहून काढा, कारण गोंधळ तिथेच जास्त. अ‍ॅप काढून टाकलं म्हणजे वर्गणी थांबत नाही. गूगल प्लेमधून घेतलेली प्ले स्टोअरच्या ‘सबस्क्रिप्शन्स’मध्ये, आयफोनवर अ‍ॅपलमार्फत घेतलेली सेटिंग्जमध्ये आपल्या नावाखाली, आणि थेट वेबसाइटवर घेतलेली तिथल्याच खात्यात बंद होते. म्हणजे एका कामाच्या तीन वाटा. तिन्ही वेगळ्या लिहा. यूपीआय ऑटोपे रद्द केलं तर पुढची कपात थांबते, पण सेवेच्या दप्तरी वर्गणी चालूच राहू शकते, हेही सांगा. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार कपातीच्या किमान २४ तास आधी सूचना यायला हवी, आणि सर्वसाधारणपणे १५,००० रुपयांपर्यंतच्या पुढच्या हप्त्यांना ओटीपी लागत नाही. वाचक ओटीपीची वाट बघत बसतो, तोवर पैसे गेलेले असतात. हे वाक्य चौकटीत टाका.

बटणांची नावं स्क्रीनवर दिसतात तशीच ठेवा. ‘सबस्क्राइब’ला ‘सदस्य व्हा’ केलंत तर वाचक ते बटण शोधत बसेल. स्क्रीनशॉटमधले ईमेल आणि नंबर धूसर करू नका, भरीव पट्टीने झाका; धूसर अक्षरं कधीकधी परत वाचता येतात.

मसुदा सेवा न वापरलेल्या माणसाच्या हाती द्या आणि शेजारी गप्प बसा. तो विचारेल तिथे एक पाऊल राहिलेलं असतं. किमती एकाच पानावर ठेवा, वर तपासल्याची तारीख घाला. दर बदलला की तेवढंच पान बदलायचं.