आजीला पोलीस ॲक्शन विचारायची तर आधी पगाराचा दिवस विचारा

पोलीस ॲक्शन म्हणजे भारतीय सैन्याने निजामाचं हैदराबाद संस्थान घेतलं ती 1948 ची कारवाई. आजीच्या त्या काळातल्या आठवणी रेकॉर्ड करायच्या होत्या. पहिल्या दिवशी मी घोळच केला. मोबाईल आजीच्या तोंडासमोर धरला नि म्हटलं, ‘आजी, युद्धाच्या काळातलं सांग.’ ती म्हणाली, ‘कायचं युद्ध माय? आमच्याकडं मिलीचा भोंगा वाजायचा, बस.’ आणि गेली लसूण सोलायला.

दुसऱ्या खेपेला लसूण मी सोलला. रेकॉर्डिंग चालू आहे हे सांगून मोबाईल परातीमागे ठेवला. तिचे वडील नांदेडच्या उस्मानशाही मिलमध्ये सूतखात्यात होते. म्हणून विचारलं, पगार कधी व्हायचा? हाली रुपये (निजामाचे) की कलदार (इंग्रजांचे)? रातपाळीची भाकर कोण नेऊन द्यायचं? मग ती थांबेचना.

साल विचारू नका, वस्तू विचारा. आजीच्या भावाच्या करदोड्यात भोकाचा पैसा होता. तो इंग्रजांनी 1943 पासून पाडला, म्हणजे ही गोष्ट त्याआधीची नाही. कागदावर फसली साल (निजामाच्या राज्यातली कालगणना) असेल तर त्यात 590 मिळवा: आजीच्या कागदावर 1343, म्हणजे 1933-34. आणि बोलता बोलता लाल मिलो (परदेशी ज्वारी) किंवा सुकडी (दुष्काळात वाटलेलं पौष्टिक पीठ) आली तर सावध व्हा, तो 1972 चा दुष्काळ. म्हाताऱ्या माणसांच्या डोक्यात सगळ्या टंचाया एकाच कणगीत असतात. तिला लगेच चुकीचं ठरवू नका, वहीत खूण करून ठेवा.

रझाकारांच्या (निजामाच्या बाजूच्या सशस्त्र संघटनेच्या) दिवसांबद्दल ‘घर सोडताना बरोबर काय घेतलं?’ एवढंच पुरे. आमच्याकडची बायकापोरं पैनगंगा ओलांडून उमरखेडला गेली, कारण नदीपलीकडे निजामाचं राज्य नव्हतं. बरोबर पीठ घेतलं, तवा विसरला. तव्यावर आजी अर्धा तास बोलली.

बहुतेक जण 17 सप्टेंबर 1948 ला, निजाम शरण आला तिथं थांबतात. थांबू नका. सैन्य आल्यानंतर नांदेड, उस्मानाबाद, बिदर, गुलबर्गा भागांत मुसलमान वस्त्यांवर जे गुदरलं, ते नेहरू सरकारने पाठवलेल्या सुंदरलाल समितीने नोंदवलंय. आपल्या घरांत ते कुणी काढत नाही. मी विचारलं, ‘शेजारच्या खोलीतली खालाबी?’

आजीने दोन पाकळ्या सोलल्या. मग म्हणाली, ‘ह्यो खलबत्ता तिचाच हाय.’

अशा वेळी पुढचा प्रश्न विचारायचा नाही. रेकॉर्डिंग चालू ठेवायचं, गप्प बसायचं, ती शांतता नंतर कापायची नाही. वस्तूचा फोटो दुसऱ्या दिवशी काढा, उजेडात, आजीला विचारून.