दाराआडचे पन्नास सेकंद: घरात अडकलेल्या दिग्दर्शकासाठी

मार्च २०२० मध्ये लॉकडाउनमुळे आमचं शूटिंग अकराव्या दिवशी थांबलं. पुढचे कित्येक आठवडे माझं आणि माझ्या संकलक मैत्रिणीचं फोनवर एकच चालायचं: थिएटरं उघडतील का, उघडली तर माणसं येतील का. शेवटी ती म्हणाली, "बोलणं पुरे. काहीतरी शूट करून दाखव." त्यातून घरातच फोनवर एका शॉटची फिल्म करायची ही पद्धत सापडली.

२८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसमध्ये सिनेमाचे आद्य प्रवर्तक ल्युमिएर बंधूंनी तिकीट लावून दहा फिल्म दाखवल्या. त्यांच्या यंत्रात साधारण १७ मीटर फिल्म मावायची, म्हणून प्रत्येक फिल्म जेमतेम ५० सेकंदांची. तीच मर्यादा पाळा. एक शॉट, कट नाही, कॅमेरा हलवायचा नाही.

फोन पुस्तकांच्या चळतीवर आडवा टेकवा. फोकस आणि एक्स्पोजर (चित्र किती उजळ दिसावं ते) लॉक करा. नाहीतर ढग आला की फोन आपणच चित्र उजळवतो आणि प्रकाशातला जो बदल टिपायचा होता तोच हरवतो.

खरा वेळ जागा शोधण्यात जातो. खिडकीतून दिसणारा रिकामा रस्ता घेऊ नका. मीही आधी तोच घेतला आणि त्यात माझं असं काहीच नव्हतं. चौथ्या दिवशी जमिनीवर बसलो होतो, तेव्हा दाराखालच्या फटीत जिन्यावरून जाणाऱ्या पावलांची सावली दिसली. बाहेर माणूस आहे, पण आपल्याला दार उघडता येत नाही. त्या दिवसांचं सगळं त्या फटीत होतं. तुमच्या घरातली अशी फट शोधा, घाई नको.

खोलीचा नुसता आवाज वेगळा रेकॉर्ड करा, मिनिटभर. फ्रिज तेवढा वेळ बंद ठेवा, त्याची घरघर नंतर काढणं कठीण जातं.

आता सगळ्यात महत्त्वाचं: नुसती लिंक पाठवू नका. चार-पाच जणांना आधी फाइल द्या आणि वेळ ठरवा. सगळ्यांनी आपापली खोली अंधारी करायची, ग्रुप कॉल चालू ठेवायचा, तीन आकडे मोजून एकदम प्ले दाबायचं. आमच्या वेळी ती सावली दाराशी थबकली आणि कॉलवर कुणीतरी श्वास रोखल्याचं मला ऐकू आलं. थिएटरात मी ज्यासाठी शेवटच्या रांगेत बसतो, ते हेच. त्यानंतर थिएटरं उघडतील का, हे मी कुणाला विचारलं नाही.

संपल्यावर मिनिटभर कुणी बोलू नये. मग प्रत्येकाला विचारा, "नजर कुठे ढळली?" उत्तरं लिहून घ्या, आणि दुसऱ्या दिवशी त्याच वेळेला, त्याच उजेडात शॉट पुन्हा लावा.